पदार्थविज्ञानाच्या पुस्तकातला मजकूर आपल्या शब्दांत लिहिताना

वर्तुळाकार गतीच्या टिपणात मी एकदा एक शब्द बदलला होता. पुस्तकातल्या एकाच परिच्छेदात 'एकसमान चाल' चार वेळा आलं होतं. सारखं तेच तेच नको म्हणून दोन ठिकाणी 'चाल' काढून मी 'वेग' घातला. वाक्य कानाला बरं वाटलं. दोन दिवसांनी वर्गातली एक मुलगी वही घेऊन आली. "बाई, तुम्ही लिहिलंय की दोरीला बांधलेला दगड एकसमान वेगाने फिरतो. वेग एकसमान असेल तर त्वरण शून्य. त्वरण शून्य म्हणजे बल शून्य. मग दोरी ताणलेली का राहते?"

तिची एकही पायरी चुकली नव्हती, चूक माझ्या शब्दात होती. चाल म्हणजे वस्तू किती भरभर जाते तेवढंच. वेगात दिशाही येते. फिरणाऱ्या दगडाची चाल तीच राहते, पण दिशा क्षणोक्षणी बदलते. म्हणून वेग बदलतो, म्हणून त्वरण, म्हणजे वेग बदलण्याचा दर, असतं, आणि केंद्राकडे खेचणारं बल दोरी पुरवते. सगळा धडा या दोन शब्दांतल्या फरकावर उभा आहे आणि तोच मी पुसून टाकला होता.

पुस्तकातला जड मजकूर मुलांसाठी सोपा करायचा, टिपणं काढायची, कधी एखाद्या पुस्तकाचा परिचय नव्यानं लिहून द्यायचा, हे काम मी अजूनही करते. ते कसं करते, कुठे हात मोकळा सोडते आणि कुठे शब्दाला बोटही लावत नाही, ते इथे लिहिते आहे.

आधी दोन पेन्सिली

मूळ मजकूर समोर घ्या, पण लगेच लिहायला बसू नका. एक लाल आणि एक हिरवी पेन्सिल घ्या. जे शब्द मोजता येणाऱ्या गोष्टीचं नाव आहेत, ज्यांना एकक आहे किंवा ज्यांची त्याच पुस्तकात कुठेतरी व्याख्या दिलेली आहे, त्यांच्याखाली लाल रेघ मारा: वेग, चाल, त्वरण, बल, कार्य, ऊर्जा, शक्ती, दाब, वस्तुमान, वजन, उष्णता, तापमान, विभवांतर, रोध, वारंवारिता. हे शब्द जागचे हलवायचे नाहीत. एकाच परिच्छेदात दहा वेळा आले तर दहा वेळा येऊ द्या. आपल्याला शाळेत निबंध लिहिताना शिकवलेलं असतं की तोच शब्द पुन्हा पुन्हा वापरू नये. निबंधात ते ठीक आहे. इथे मात्र शब्द बदलला की वाचणाऱ्याला वाटतं, वस्तूच बदलली.

बाकीच्या शब्दांखाली हिरवी रेघ: संबोधण्यात येते, प्राप्त होते, अनुभवास येते, सदर, तद्वत, उपरोक्त, विचारात घेता, असे आढळून येते. इथे समानार्थी शब्दांचं भांडार उघडा आणि मनसोक्त बदला. 'संबोधण्यात येते' म्हणजे 'म्हणतात'. 'उपरोक्त' म्हणजे 'वर सांगितलेला'. 'प्राप्त होते' म्हणजे 'मिळते'. धडा सोपा होतो तो मुख्यतः इथे. पुस्तक कठीण वाटण्यामागे 'त्वरण' या शब्दाचा दोष फार थोडा असतो. भोवतीची शासकीय थाटाची वाक्यरचना मुलांना जास्त दमवते.

काही शब्दांभोवती मात्र गोल काढायचा. हे शब्द दिसायला किरकोळ असतात आणि घाईत गळून पडतात: जर, तर, फक्त, सुमारे, निव्वळ, असंतुलित, स्थिर असताना, दर, प्रति. गतीचा पहिला नियम घ्या. वस्तूवर असंतुलित बल नसेल तर ती स्थिर असल्यास स्थिर राहते आणि सरळ रेषेत एकसमान वेगाने जात असल्यास तशीच जात राहते, असा त्याचा आशय. सोपं करताना कुणी लिहितं, "बल नसेल तर वस्तू हलत नाही." इथे दोन गोष्टी हरवल्या. टेबलावर ठेवलेल्या पुस्तकावर बलं आहेतच, गुरुत्वबल खाली आणि टेबलाचं बल वर. ती एकमेकांना पुरी पडतात म्हणून निव्वळ बल शून्य आहे. आणि 'हलत नाही' लिहिल्यामुळे नियमाचा दुसरा अर्धा भाग, म्हणजे चालती वस्तू चालतच राहते, हा पुरता गेला. खरं तर गॅलिलिओपासून न्यूटनपर्यंत ज्यासाठी झगडावं लागलं तो भाग तोच. त्यामुळे गोल काढलेला प्रत्येक शब्द नव्या मजकुरात आला आहे का, हे शेवटी मोजून बघायचं.

समानार्थी वाटणारे, पण नसलेले

शब्दकोशात 'शक्ती' काढून बघा. बल, ताकद, सामर्थ्य, जोर, ऊर्जा असे शब्द सापडतील. बोलताना ते एकमेकांच्या जागी चालतात, आणि बोलण्यात चालावेतच. पदार्थविज्ञानात यांतल्या तिघांची तीन वेगळी मापं आहेत. मी मुलांना एकच उदाहरण देते. १० किलोग्रॅमचं पोतं २ मीटर उचलायचं आहे. ते धरून हळूहळू वर न्यायला सुमारे ९८ न्यूटन लागतात, हे बल. दोन मीटर वर नेल्यावर १९६ ज्यूल कार्य झालं, तेवढी ऊर्जा पोत्यात साठली. हे ४ सेकंदांत केलं तर शक्ती ४९ वॅट, ७ सेकंदांत केलं तर २८ वॅट. बल तेच, ऊर्जा तीच, शक्ती वेगळी. आता 'पोतं उचलायला जास्त शक्ती लागते' असं वाक्य लिहिलंत तर वाचणाऱ्यानं तिन्हींतलं काय समजायचं?

म्हणून माझी कसोटी एकच: एकक विचारा. शब्द बदलण्याआधी मूळ शब्दाचं एकक काय ते समासात लिहा आणि बदलल्यावर नव्या शब्दाचं एकक लिहा. दोन्ही जुळली नाहीत तर तो समानार्थी शब्द नाही. किलोवॅट आणि किलोवॅट-तास यांतली गफलत या कसोटीवर लगेच पकडली जाते. किलोवॅट ही शक्ती, किलोवॅट-तास ही ऊर्जा, तब्बल ३६ लाख ज्यूल. 'तास' हा शब्द वाक्य छोटं करायला म्हणून गाळणारे मी पाहिले आहेत. वेग आणि चाल यांचं एकक मात्र सारखंच असतं, तिथे ही कसोटी फसते. तिथे दुसरा प्रश्न: या राशीला दिशा आहे का? सदिश शब्दाच्या जागी अदिश शब्द बसत नाही. 'विस्थापन' आणि 'अंतर' यांचंही तसंच. मैदानाला पूर्ण फेरी मारून मूळ जागी आलेल्या धावपटूनं अंतर कापलं, पण त्याचं विस्थापन शून्य.

मुलांवर रागवण्याआधी एक लक्षात घ्या. हा गोंधळ मोठमोठ्या शास्त्रज्ञांच्या भाषेतही होता. हेर्मान हेल्महोल्ट्झ यांनी १८४७ मध्ये ऊर्जेच्या अक्षय्यतेवर निबंध लिहिला, त्याच्या जर्मन शीर्षकात शब्द होता 'क्राफ्ट', म्हणजे आजच्या भाषेत बल. त्यांना म्हणायचं होतं ती ऊर्जा. त्या काळी एकाच शब्दात दोन्ही अर्थ नांदत होते. ते वेगळे करायला विज्ञानाला बराच काळ लागला. इतक्या कष्टानं सोडवलेली गाठ आपण एका शब्दाच्या हौसेपायी पुन्हा मारू नये असं मला मनापासून वाटतं.

'गती' हा आणखी एक फसवा शब्द. पुस्तकात गती म्हणजे हालचाल, जागा बदलत राहण्याची अवस्था. रोजच्या बोलण्यात गती म्हणजे भरभर असणं. 'गती वाढली' हे वाक्य बोलताना अर्थपूर्ण आहे, टिपणात अर्धवट आहे. तिथे चाल वाढली की वेग वाढला ते लिहा.

'स्थिर' या शब्दानं मला सर्वांत जास्त दमवलं आहे. एकाच पानावर तो दोन अर्थांनी येतो. 'वस्तू स्थिर आहे' म्हणजे ती हलत नाही. 'वेग स्थिर आहे' म्हणजे वेग बदलत नाही, आणि तेव्हा वस्तू ताशी शंभर किलोमीटरनं धावत असू शकते. ही एक जागा अशी आहे जिथे समानार्थी शब्द घातलाच पाहिजे. हलत नसेल तिथे मी 'निश्चल' किंवा सरळ 'जागच्या जागी' लिहिते. बदलत नसेल तिथे 'कायम' किंवा 'न बदलणारा'. मूळ लेखकानं दोन्हीकडे 'स्थिर' वापरलं असलं तरी आपण फोड करून दिलेली बरी.

वजन आणि वस्तुमान यांच्याबद्दल सगळेच सांगतात, म्हणून थोडक्यात. आपण बोलताना 'माझं वजन ६० किलो' म्हणतो, ते पुस्तकाच्या भाषेत वस्तुमान. वजन म्हणजे पृथ्वी ओढते ते बल, सुमारे ५८८ न्यूटन. चंद्रावर गेलात तर वस्तुमान ६० किलोग्रॅमच, वजन साधारण सहावा हिस्सा, ९८ न्यूटनच्या आसपास.

ध्वनीच्या धड्यात गाणं शिकलेल्या मुलांची वेगळीच अडचण होते. त्यांच्या कानाला 'तीव्र' म्हणजे तीव्र मध्यम, वर चढलेला स्वर. पुस्तकात 'तीव्रता' म्हणजे ध्वनीचा जोर, आणि स्वर वर चढणं हे वारंवारितेचं काम. म्हणून तिथे 'आवाज वाढला' असं मोघम लिहू नका. स्वर उंचावला की आवाज मोठा झाला, ते स्पष्ट करा.

एक परिच्छेद शेवटपर्यंत

नुसते नियम सांगून भागत नाही, म्हणून एक उतारा घेऊ. पाठ्यपुस्तकी थाटात मी तो स्वतः रचला आहे.

"बर्फास उष्णता दिली असता ०° सेल्सिअस तापमानास त्याचे पाण्यात रूपांतर होऊ लागते. संपूर्ण बर्फाचे पाण्यात रूपांतर होईपर्यंत मिश्रणाच्या तापमानात वाढ होत नाही. सदर कालावधीत शोषली गेलेली उष्णता रेणूंमधील बंध शिथिल करण्याकरिता वापरली जाते."

समानार्थी शब्दांच्या यादीवरून घाईत केलेला पहिला खर्डा असा होतो: "बर्फाला ऊब दिली की शून्य अंश उष्णतेला तो विरघळू लागतो. सगळा बर्फ विरघळेपर्यंत मिश्रणाची उष्णता वाढत नाही. तोवरची उष्णता बंध तोडण्यात नाहीशी होते."

वाचायला सोपा आहे, पण चार जागी घसरला आहे. 'ऊब' म्हणजे जाणवणारा उबदारपणा, तिचं माप नाही. 'शून्य अंश उष्णता' असं काही नसतं. अंश तापमानाला असतात, उष्णता ज्यूल किंवा कॅलरीत मोजतात. आणि 'उष्णता वाढत नाही' हे तर सरळ उलट झालं, कारण आपण उष्णता देतोच आहोत, वाढत नाही ते तापमान. नेमकं हेच या धड्याचं मर्म. तिसरं म्हणजे 'विरघळणे'. बोलताना आपण बर्फ विरघळला म्हणतो, पण साखर पाण्यात विरघळते आणि बर्फ वितळतो. एकात दोन पदार्थ लागतात, दुसऱ्यात एकाच पदार्थाची अवस्था बदलते. चौथं, 'नाहीशी होते' असं ऊर्जेबद्दल कधीच लिहू नये. पुढच्याच धड्यात ऊर्जा नष्ट होत नाही असं आपण शिकवणार असतो.

आता लाल शब्द तसेच ठेवून पुन्हा: "शून्य अंश सेल्सिअसवरच्या बर्फाला उष्णता देत राहा आणि ढवळत राहा. बर्फ वितळू लागेल, पण त्यात ठेवलेल्या तापमापीचा पारा शून्यावरच थांबेल. शेवटचा तुकडा वितळेपर्यंत तापमान वाढत नाही. मग दिलेली उष्णता जाते कुठे? बर्फातल्या रेणूंना एकमेकांशी बांधून ठेवणारे बंध सैल करण्यासाठी ती वापरली जाते. एक ग्रॅम बर्फ वितळायला सुमारे ८० कॅलरी उष्णता लागते."

बघा, 'उष्णता' तीन वेळा आली आहे आणि कुठेही खटकत नाही. सोपेपणा आला तो क्रियापदांतून, छोट्या वाक्यांतून, मध्ये घातलेल्या प्रश्नातून आणि पाऱ्याच्या चित्रातून. संज्ञा पुसून सोपेपणा येतो असं मला एकदाही दिसलेलं नाही.

याच धड्याच्या पुढच्या पानावर 'बाष्पीभवन' आणि 'उत्कलन' येतात. दोघांनाही 'पाण्याची वाफ होणे' म्हणायचा मोह होतो. बाष्पीभवन कुठल्याही तापमानाला, फक्त पृष्ठभागावरून होतं; वाळत घातलेले कपडे उकळत नाहीत, तरी वाळतात. उत्कलन ठरावीक तापमानाला आणि सगळ्या द्रवात होतं. सोपा शब्द हवाच असेल तर उत्कलनासाठी 'उकळणे' ठेवा आणि बाष्पीभवन तसंच राहू द्या.

क्रियापदांकडे लक्ष

प्रकाशाच्या धड्यात संज्ञा बहुतेकजण सांभाळतात आणि क्रियापदात चुकतात. अपवर्तन सांगताना 'किरण वाकतो' लिहिलं की मुलं आकृतीत धनुष्यासारखी गोलाई काढतात. हवा आणि पाणी यांच्या सीमेवर किरण एका बिंदूत दिशा बदलतो आणि पुढे पुन्हा सरळ जातो. म्हणून 'किरणाची दिशा बदलते' हेच बरं. बोलीत हवं असेल तर पाण्यात अर्धी बुडवलेली काठी 'मोडल्यासारखी दिसते' म्हणा. इथे 'मोडणे' चित्राला जास्त जवळचं आहे. 'तिरपा' हा शब्दही सोडू नका, कारण पृष्ठभागाला लंब आलेला किरण दिशा न बदलताच आत जातो. त्याची चाल मात्र तेव्हाही कमी होते, पाण्यात सेकंदाला सुमारे २,२५,००० किलोमीटरपर्यंत. आणि 'कडेवरून वळतो' हे शब्द विवर्तनासाठी राखून ठेवा, जिथे तरंग अडथळ्याच्या कडेशी पसरतो.

प्रमाणाच्या वाक्यांत सोपं करण्याची घाई सर्वांत महाग पडते. 'गुरुत्वबल अंतराच्या वर्गाच्या व्यस्तानुपाती असते' याचं 'अंतर वाढलं की गुरुत्वबल कमी होतं' असं केलं तर वाक्य खोटं नाही, पण अर्धं रिकामं झालं. किती कमी होतं? अंतर दुप्पट तर बल एक चतुर्थांश, तिप्पट तर एक नवमांश. 'व्यस्तानुपाती' हा शब्द जड वाटला तर त्याच्या जागी हे आकडे लिहा. 'उलट' किंवा 'विरुद्ध' लिहू नका, ते वाचून मुलांना बलाची दिशा उलटी झाली असं वाटतं.

'मुळे' आणि 'म्हणून' यांची दिशाही जपा. वाक्याचा क्रम उलटताना कारण आणि परिणाम यांची अदलाबदल पटकन होते. बलामुळे त्वरण मिळतं. 'त्वरणामुळे बल निर्माण होतं' असं एका छापील टिपणात मी वाचलं आहे. लिहिणाऱ्यानं फक्त शब्दांची जागा बदलली होती.

शब्द कुठून घ्यावा

मराठी परिभाषेत खरोखरच एकाच गोष्टीची दोन-तीन नावं आहेत. अपवर्तनाला जुन्या लेखनात वक्रीभवन किंवा प्रणमन म्हटलेलं दिसेल, त्वरणाला प्रवेग, वारंवारितेला कंप्रता. हे खरे समानार्थी शब्द, एककाच्या कसोटीवर उतरणारे. तरी एका मजकुरात एकच निवडा. वाचणाऱ्याच्या हातात जे पुस्तक आहे त्यातला शब्द घ्या, आणि दुसरा माहीत असावा म्हणून पहिल्यांदा येतो तिथे एकदाच सांगा, "त्वरण, ज्याला काही ठिकाणी प्रवेग म्हणतात." नंतर पुन्हा त्याच्याकडे जायचं नाही.

आंतरजालावर शब्द शोधताना एक सापळा हमखास लागतो. देवनागरीत दिसलं म्हणून ते मराठीच, असं नसतं. हिंदीत 'आवृत्ति' म्हणजे वारंवारिता. मराठीत आवृत्ती म्हणजे पुस्तकाची आवृत्ती. हिंदीत 'आवेश' म्हणजे विद्युतप्रभार, मराठीत आवेश म्हणजे जोश. हिंदीतला 'ताप' म्हणजे तापमान, आपल्याला ताप येतो तेव्हा आपण अंथरूण धरतो. हिंदीतला 'चालक' विद्युत वाहून नेतो, आपला चालक गाडी चालवतो आणि धातू सुवाहक असतात. यांतला सर्वांत धोक्याचा शब्द 'विकिरण', कारण तो ओळखीचा वाटतो. हिंदीत त्याचा अर्थ प्रारण, म्हणजे सूर्याची उष्णता माध्यमाशिवाय आपल्यापर्यंत येते तो प्रकार. मराठी शालेय पुस्तकांत विकिरण म्हणजे हवेतल्या कणांमुळे प्रकाशाचं विखुरणं, ज्यामुळे आकाश निळं दिसतं. दोन्ही वाक्यं व्याकरणानं शुद्ध असतात, म्हणून चूक नजरेतून निसटते.

शब्द आपोआप बदलून देणारी साधनं हल्ली सगळेच वापरतात. मी त्यांना नाही म्हणत नाही, पण त्यांच्या हातात लाल शब्द कधीच देत नाही. 'आदर्श वायू'चा उत्तम वायू, 'विशिष्ट उष्मा'ची खास उष्णता, दोरीतल्या 'ताणा'चा तणाव, 'चुंबकीय क्षेत्रा'चा चुंबकीय प्रदेश, 'दाबा'चा दबाव, असे बदल सुचले की ओळखावं, शब्द बदलला आणि गोष्ट हातातून गेली.

पुस्तकाविषयी लिहिताना

पुस्तकाचा परिचय, प्रस्तावनेचा सारांश किंवा मलपृष्ठावरचा मजकूर नव्यानं लिहायचा असेल तर हात बराच मोकळा असतो. समजा मूळ वाक्य असं आहे: "प्रस्तुत ग्रंथात भौतिकशास्त्रातील मूलभूत संकल्पनांचे सुलभ भाषेत सखोल विवेचन केले असून प्रत्येक प्रकरणाच्या अखेरीस स्वाध्याय समाविष्ट करण्यात आला आहे." 'प्रस्तुत ग्रंथ' म्हणजे 'हे पुस्तक'. 'विवेचन' म्हणजे 'उलगडा' किंवा 'मांडणी'. 'मूलभूत' म्हणजे 'पायाभूत'. 'अखेरीस' म्हणजे 'शेवटी'. मी ते असं लिहीन: "भौतिकशास्त्राच्या पायाभूत संकल्पना हे पुस्तक सोप्या भाषेत, बारकाईनं उलगडून दाखवतं. प्रत्येक प्रकरणाच्या शेवटी स्वाध्याय आहे."

इथेही काही खुंट्या घट्ट आहेत. 'संकल्पना'ची 'कल्पना' करू नका. 'स्वाध्याय' आणि 'सोडवलेली उदाहरणे' एक नव्हेत, पहिल्यात काम वाचणाऱ्यानं करायचं असतं. 'पुनर्मुद्रण' आणि 'सुधारित आवृत्ती' यांत तर विकत घेणाऱ्याचं नुकसान होऊ शकतं: पुनर्मुद्रणात तोच मजकूर पुन्हा छापलेला असतो, सुधारित आवृत्तीत तो बदललेला असतो. 'नियम', 'तत्त्व', 'सिद्धांत' यांचीही अदलाबदल नको. न्यूटनचे नियम, आर्किमिडीजचं तत्त्व, सापेक्षता सिद्धांत ही नावं म्हणून रुळली आहेत. नावाला समानार्थी शब्द नसतो. विषयाचं नाव मात्र बदलता येतं. भौतिकशास्त्र, भौतिकी, पदार्थविज्ञान, तिन्ही चालतात. मला स्वतःला पदार्थविज्ञान आवडतं, मी शिकले तेव्हा तोच शब्द कानावर होता. पण पुस्तकाच्या मुखपृष्ठावर भौतिकशास्त्र छापलं असेल तर परिचयात तेच लिहिते, नाहीतर शोधणाऱ्याला ते सापडत नाही.

शब्द बदलले म्हणून मजकूर आपला होत नाही, हेही इथेच सांगते. न्यूटनचा नियम कुणाच्या मालकीचा नाही, पण तो समजावण्यासाठी एखाद्या लेखकानं निवडलेलं उदाहरण, त्याचा क्रम, त्याची मांडणी त्याची असते. ओळीमागून ओळ घेऊन नुसते शब्द बदलत गेलात तर ती नक्कलच राहते. म्हणून मी मूळ पान दोनदा वाचते, पुस्तक मिटते, आठवणीतून लिहिते, आणि मग पुस्तक उघडून फक्त लाल शब्द, गोल केलेले शब्द आणि आकडे ताडून बघते. उदाहरण शक्यतो माझं घालते. लेखकाचंच घेतलं तर त्याचं आणि पुस्तकाचं नाव लिहिते.

तपासणी

लिहून झाल्यावर मजकूर मोठ्यानं वाचा, अडखळाल तिथे वाक्य तोडा. मग तो अशा माणसाला द्या ज्यानं मूळ धडा वाचलेला नाही, आणि 'समजलं का' असं विचारू नका. सगळे हो म्हणतात. त्याला आकृती काढायला सांगा, किंवा त्या मजकुरावरून एक गणित सोडवायला सांगा. किरणाची गोलाई, उलट दिशेचा बाण, शून्य आलेलं त्वरण, असं जे कागदावर उतरतं ते तुमच्याच शब्दांतून आलेलं असतं.

वर्तुळाकार गतीचं ते टिपण मी पुढे असं बदललं: "दोरीला बांधलेला दगड एकसमान चालीने फिरतो आहे. त्याची चाल कायम आहे, पण दिशा सतत बदलते, म्हणून त्याचा वेग कायम नाही. वेग बदलतो म्हणजे त्वरण आहे, आणि त्यासाठी लागणारं केंद्राकडचं बल दोरीतला ताण देतो." तीन वाक्यांत 'चाल' दोनदा आणि 'वेग' दोनदा आहे. त्याखाली सराव म्हणून त्या मुलीचाच प्रश्न ठेवला आहे: पहिल्या वाक्यात 'चालीने' खोडून 'वेगाने' लिहिलं, तर दोरीतला ताण किती येईल?